टीव्हीखालचं मशीन

आमच्या नंदनवन वस्तीतल्या घरी टीव्हीच्या खाली एक काळं, चपटं मशीन आहे. चार कॅमेऱ्यांच्या वायरी त्याच्या पाठीत शिरतात: फाटक, अंगण, जिना आणि मागची गल्ली. बसवणारा माणूस गेला त्या दिवसापासून ते माझ्याकडे होतं. तसं कोणी ठरवलं नव्हतं. बाबांना काही बघायचं असलं, दूधवाला येऊन गेला का, फाटकासमोर गाडी कोणी लावली, की ते हॉलमधून मला हाक मारत. मी खोलीतून यायची, पासवर्ड टाकायची, रेकॉर्डिंग मागे न्यायची. ते बघायचे, "बरं" म्हणायचे आणि मी परत जायची. मी घरात फार बोलत नाही, बाबांशी तर त्याहून कमी. पण ते मला हाक मारायचे आणि मी यायची, एवढं मला पुरत होतं. निदान पुरतं असं मी समजत होते.

मग दादाचं लग्न झालं आणि वहिनी आली.

वहिनीबद्दल सांगण्याआधी बाबांच्या बोलण्याबद्दल सांगायला हवं. बाबा नरखेड तालुक्यातल्या एका गावचे. गांधीबागेच्या बाजारात त्यांचं कापडाचं होलसेल दुकान आहे. दुकानात, गावाकडच्या फोनवर, आईशी भांडताना ते एका तऱ्हेने बोलतात आणि माझ्याशी दुसऱ्या. मी पहिलीत असताना मिसने आईबाबांना बोलावून सांगितलं होतं की मुलीशी घरी इंग्रजीत बोलत जा. बाबांना इंग्रजी येत नव्हतं. त्यांनी आपल्याला जमेल ते केलं. माझ्यासमोर मले-तुले सोडलं आणि रेडिओवर बातम्या देतात तसं मराठी बोलायला लागले. "तुला काही हवं आहे का, बेटा?" "अभ्यास झाला का?" प्रत्येक वाक्य आधी इस्त्री करून मग मला दिल्यासारखं. मोठी होईपर्यंत माझी समजूत होती की बाबा मुळातच कमी बोलणारे आहेत.

वहिनी नरखेडकडचीच, बाबांच्या गावापासून चार-पाच गावं सोडून. लग्नानंतरच्या पहिल्याच आठवड्यात बाबा दुकानातून आले आणि चपला काढता काढता त्यांनी स्वयंपाकघरात डोकावून विचारलं, "काय करून राहिली वं?"

"तुमची वाट पाहून राहिलो जी. भुकेनं जीव चालला मायावाला," वहिनी आतून म्हणाली. तिकडच्या बायकाही 'राहिलो', 'करतो' असंच बोलतात.

"मंग जेवाचं होतं न! मी काय पाहुना आहो?"

"पाहुना असता तं कवाच जेवलो असतो. पाहुन्याले कोन भेते?"

बाबा हसले. तोंड उघडून, मान मागे टाकून. त्यांच्या मागच्या दाढेत चांदी भरलेली आहे हे मला त्या दिवशी कळलं. एकाच घरात इतकी वर्षं राहून.

त्यानंतर मी मोजत नसले तरी लक्ष ठेवून होते. बाबा घरात शिरले की आधी कुणाकडे बघतात. तुरीच्या शेंगा सोलायला अंगणात कुणाशेजारी बसतात. वहिनीशी बोलताना त्यांचे दोन्ही हात हवेत असतात. माझ्याशी बोलताना ते हात मांडीवर ठेवून असतात, बँकेत बसल्यासारखे. आणि यात राग धरावा असं वहिनीचं काहीच नव्हतं. ती मला ताई म्हणते, माझ्या ताटात मला आवडते म्हणून भाताची जास्तीची करपलेली खरड ठेवते. तिच्याबद्दल वाईट वाटून घ्यायला मला काही कारण हवं होतं, आणि ती ते देत नव्हती. त्याचाही मला राग यायचा.

एप्रिल लागला आणि कूलर काढायची वेळ आली. दरवर्षी मिस्त्री येतो. या वर्षी तो येतो येतो म्हणून आला नाही, तेव्हा वहिनीने पदर खोचला, गवताच्या नव्या ताट्या बसवल्या, पाण्याचा पंप उघडून त्यातला कचरा काढला, आणि कूलर सुरू. बाबा थंड हवेत उभे राहून म्हणाले, "तू तं मिस्त्रीच निघाली वं!" तेव्हापासून घरातली वायर असलेली प्रत्येक वस्तू तिच्याकडे जाऊ लागली. इस्त्री, मिक्सर, देव्हाऱ्यावरची दिव्यांची माळ. मी मनात म्हटलं, जाऊ दे. टीव्हीखालचं मशीन माझं आहे.

बाबांच्या दुकानाची सुट्टी होती त्या दिवशी दुपारी आमच्या गल्लीच्या ग्रुपवर एक मेसेज आला. अमुक प्रकारच्या रेकॉर्डरचं आतलं फर्मवेअर जुनं असेल तर बाहेरचा माणूस त्यात शिरून घरातले कॅमेरे बघू शकतो. कंपनीने नवीन दिलं आहे, लगेच अपडेट करा. बाबांनी तो दोनदा वाचला. आमच्या अंगणातल्या कॅमेऱ्यात कपड्यांची दोरी येते, आई पापड वाळवते ती बाज येते. बाबांचा चेहरा उतरला. ते मोबाइल घेऊन उठले. मी सोफ्यावर लॅपटॉप घेऊन बसले होते. त्यांना वाट द्यायला मी पाय जवळ घेतले. ते माझ्यासमोरून गेले आणि स्वयंपाकघराच्या दारात थांबले.

"सूनबाई, हे पाह्य बरं. आपल्याच मशीनचं आहे न? करून टाक."

"करतो न मामाजी. काहून इतकं घाबरून राहिले? चहा उकळला का करतो."

मी लॅपटॉपकडे बघत राहिले. पडद्यावर काय होतं ते आठवत नाही. जे काम मी इतकी वर्षं केलं ते माझ्या समोरून, माझे पाय ओलांडून गेलं होतं. एकच गोष्ट माझ्याकडे उरली होती. पासवर्ड. तो मला सोडून कुणालाच माहीत नव्हता. म्हटलं, येईलच ती विचारत. आली की मी लगेच सांगणार नाही.

ती चहाचा कप घेऊनच आली. माझ्या हातात दिला आणि जमिनीवर मांडी घालून बसली. "ताई, पासवर्ड टाकून देता का? मी तिकडं तोंड करतो."

आता याला नाही कसं म्हणायचं? मी खाली बसले आणि टाकला.

तिने मोबाइलवर कुणाचा तरी व्हिडिओ बघून एक फाइल आधीच उतरवून घेतली होती. मी मशीन उचललं, उलटं केलं आणि खालच्या चिकटपट्टीवरचा मॉडेलचा नंबर वाचला. मग फाइलचं नाव वाचलं. सुरुवातीचे आकडे तेच होते, पण फाइल आठ कॅमेऱ्यांच्या मशीनची होती. आमचं चारचं.

"ही आपली नाही," मी म्हटलं. "ही टाकली असती तर मशीन परत सुरूच झालं नसतं."

मला बरं वाटलं. खरंच बरं वाटलं. तिच्या चेहऱ्यावर काहीतरी यायची मी वाट बघत होते.

"बापा!" तिने कपाळावर हात मारला आणि स्वयंपाकघराकडे तोंड करून ओरडली, "आई, ऐकलं का, आता मी मशीनले बैलाचं औषध पाजून राहिलो होतो! ताईनं धरलं म्हनून वाचलं बिचारं." आतून आई हसली. वहिनीही हसली. चूक तिची होती आणि त्याची मजा घरभर वाटून ती मोकळी झाली. माझी असती तर मी आठवडाभर खोलीतून बाहेर आले नसते.

मग आम्ही दोघींनीच ते केलं. कंपनीच्या साइटवरून आमच्या मॉडेलची फाइल मी लॅपटॉपवर उतरवली. सोबतचा इंग्रजी कागद वाचून मी तिला सांगत होते: आधी आताच्या सगळ्या सेटिंगची प्रत काढून ठेवा, पेनड्राइव्ह कोरा करा, नवीन व्हर्जन टाकल्यावर जुन्यावर परतता येत नाही, आणि मधे वीज जाता कामा नये. घरात एकच पेनड्राइव्ह सापडला, फोटोवाल्याने दिलेला, लाल रिबिनीचा. त्यावर तिच्या लग्नाची फिल्म होती.

"पुसून टाका न ताई. लॅपटॉपमधे आहे ते. नाही तं काय, मले मायं लग्न पाठ आहे."

सेटिंगची प्रत लॅपटॉपवर काढून झाली, पेनड्राइव्ह पुसून झाला, त्यावर ती एकच फाइल ठेवली. विजेचा प्रश्न तिने सोडवला. "उन्हाळा आहे, लाईन कवाही जाते," म्हणत तिने मशीनची पिन काढली आणि एक्स्टेंशनची लांब वायर ओढून इन्व्हर्टरच्या बोर्डात लावली. आमच्या हॉलमध्ये इन्व्हर्टरचा बोर्ड एकच आहे, देव्हाऱ्याच्या शेजारी. टीव्हीही त्याच्यावरच चालतो.

मशीन सुरू झालं. मी मेनूत जाऊन फाइल निवडली. आमचे दोघींचे हात माऊसवर एकदमच गेले. तिने तिचा मागे घेतला. मी बटण दाबलं. टीव्हीवर एक निळी पट्टी आली आणि खाली इंग्रजीत लिहून आलं की काम पूर्ण होईपर्यंत वीज बंद करू नका. पट्टी अगदी हळू सरकत होती. बाहेर ऊन उतरलं होतं. आम्ही बघत बसलो.

तेवढ्यात न्हाणीघरात पाय धुतल्याचा आवाज आला आणि मी घड्याळाकडे बघितलं.

आमच्या घरी दिवेलागणीला टीव्ही गप्प असतो. बाबांच्या गावच्या घरी दिव्याच्या वेळी रेडिओ बंद करत, त्याचंच हे पुढे आलेलं. रोज आई दिवा लावते आणि टीव्हीचा आवाज तेवढा घालवते. पण सुट्टीच्या दिवशी बाबा स्वतः लावतात. हातपाय धुऊन येतात, पुटपुटत असतात, डोळे अर्धे मिटलेले, आणि देव्हाऱ्यासमोर उभं राहण्याआधी तळहाताने त्या बोर्डावरची सगळी बटणं एकदम खाली ओढतात. टीव्ही, चार्जर, काय असेल ते. घरातल्या सगळ्यांना हे इतकं अंगवळणी आहे की त्या वेळेआधी आपापले मोबाइल आपणच काढून घेतो. वहिनीला माहीत नव्हतं. सुट्टीच्या संध्याकाळी ती आणि दादा बाहेर जायचे. आज दादा कंपनीत होता.

वहिनी पट्टीकडे बघत होती. न्हाणीघराची कडी निघाली.

आत्ता वीज गेली तर मशीन मरणार. आणि बाबांनी काम तिला सांगितलं होतं, मला नाही. वायर तिने लावली होती. हा विचार माझ्या मनात पूर्ण तयार होऊन आला, एका वाक्यात. मी उठले तेव्हाही तो तिथेच होता. मी हॉल ओलांडून बोर्डाला पाठ लावून उभी राहिले.

बाबा काडेपेटी घेऊन आले. माझ्यासमोर थांबले. त्यांचा तळहात वर आलेला होता.

"बाजूला हो, बेटा."

"बाबा, बंद नोका करू!" माझ्या तोंडून आलं. वहिनीची बोली, पण माझ्या तोंडात ती दुसऱ्याचे कपडे घातल्यासारखी वाटली. माझे कान तापले.

बाबांनी माझ्याकडे बघितलं. "का? काय झालं?" त्यांनी अगदी नीट, शुद्ध विचारलं. "दिव्याची वेळ झाली आहे."

मी नुसती मान हलवत राहिले. ते काडेपेटी दुसऱ्या हातात घेऊन मला खांद्याला धरून बाजूला करणारच होते.

"मामाजी!" वहिनी टीव्हीसमोरून न उठताच म्हणाली. "हात नोका लावू जी. त्याचं आपरेशन चालू आहे. पोट उघडून ठेवलं आहे. आता लाईट गेला का मेलं ते."

"अन देव?" बाबा म्हणाले. "देव थांबन तुया मशीनसाठी?"

"थांबन न जी! त्यालेही तं कॅमेऱ्यात बरोबर दिसाचं आहे."

बाबांना हसू आलं. त्यांनी हात खाली घेतला. काडेपेटी वाजवत ते टीव्हीसमोर जाऊन उभे राहिले, ओल्या पायांनी. मी बोर्डाला पाठ लावून तशीच होते. अडवलं मी होतं. थांबले ते तिच्यासाठी. बटणांच्या कडा माझ्या पाठीत रुतत होत्या, आणि ते दोघं पट्टी सरकताना बघत होते, सामन्याचं शेवटचं षटक बघावं तसं.

पट्टी भरली. टीव्ही काळा झाला.

"मेलं का वं?" बाबांनी विचारलं.

"थांबा न जी." पण तिचाही आवाज बारीक झाला होता. तिने वळून माझ्याकडे बघितलं.

"ते स्वतःच बंद होऊन सुरू होतं," मी म्हटलं. "कागदावर लिहिलं आहे."

बराच वेळ काहीच नाही. मग मशीनमधून एक बारीकशी शीळ आली आणि टीव्हीवर एकेक करत फाटक, अंगण, जिना, गल्ली उगवले.

"वा वं वाघीण!" बाबांनी वहिनीच्या डोक्यावर टपली मारली. मग त्यांची नजर माझ्यावर आली. त्यांनी क्षणभर शब्द शोधला. "थँक यू, बेटा," ते म्हणाले.

त्यांनी दिवा लावला. देव्हाऱ्यातला झाला की एक निरांजन ते अंगणात नेऊन ठेवतात. वहिनीही त्यांच्यामागे बाहेर गेली, कारण मी तिला सांगितलं होतं की प्रत्येक कॅमेऱ्यासमोर कुणीतरी फिरून बघायला हवं. मी एकटी हॉलमध्ये राहिले. मशीनचं घड्याळ चुकलं होतं ते नीट केलं. रेकॉर्डिंग सुरू आहे का बघितलं. नवं व्हर्जन सुरू झाल्यापासून नवा पासवर्ड मागत होतं. ते बाजूला ठेवून मी अंगणाचं चित्र मोठं केलं, आणि टीव्हीतून बाबांचा आवाज आला.

त्या कॅमेऱ्याला माईक आहे हे मला माहीत नव्हतं. नव्या व्हर्जनने तो आपोआप चालू केला होता. चित्रात बाबा निरांजनाभोवती हाताचा आडोसा करून वाकले होते. वहिनी त्यांच्या मागे उभी राहून कॅमेऱ्याकडे हात हलवत होती.

"मामाजी, ते नवा पासवर्ड मांगून राहिलं होतं. काय ठेवाचा?"

"मले काय विचारते? तिले विचार. मशीन तिचं आहे."

"मंग मले काहून सांगतलं कराले?"

बाबा सरळ झाले. कमरेवर हात ठेवला. "तिले सांगाले मले भेव वाटते वं. तिचं सारं काम इंग्रजीतलं. मी काही बोलाले गेलो का ते कानातल्या वायरी काढते, लॅपटॉप बंद करते, अन मायाकडं अशी पाहते का मी काय सांगाले आलो तेच इसरून जातो. म्हटलं, तुले सांगतलं का तू तिच्यापाशी जाशीनच."

"जाईन नाही तं काय. पासवर्ड तं तिच्यापाशीच होता."

दोघं हसले. निरांजनाची ज्योत त्यांच्यामध्ये हलत होती.

मला जे ऐकायचं होतं ते मी ऐकलं होतं. मशीन तिचं आहे. इतकी वर्षं कधीतरी बाबांनी ते मला म्हणावं असं मला वाटत होतं, आणि ते म्हटलंही, कमरेवर हात ठेवून, सहज, त्यांच्या स्वतःच्या बोलण्यात. पण वहिनीला. ही एवढी वाक्यंसुद्धा तिच्या वाट्याला आली होती, आणि मला ती टीव्हीतून मिळाली. मी सेटिंग उघडली. अंगणाच्या कॅमेऱ्यासमोर, आवाजाच्या रकान्यात एक खूण होती. ती काढली. बाबा काहीतरी अजून बोलत होते. आता फक्त त्यांचे हात दिसत होते, दोन्ही हवेत.

वहिनी आत आली. "मी दिसून राहिलो होतो का?"

"हो."

"मामाजी म्हनते का पासवर्ड तुम्हीच ठेवा."

"बरं," मी म्हटलं, जसं काही आत्ताच ऐकलं.

ती माझ्याशेजारी बसली आणि भिंतीकडे तोंड करून राहिली. मी टाइप केला, परत टाइप केला, झाला. ती तरीही भिंतीकडेच बघत होती. मी थोडा वेळ तसंच राहू दिलं. मग "झालं" म्हटलं. काय ठेवला हे तिने विचारलं नाही. मीही सांगितलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाबांना फाटकासमोर रात्री कुणाची मोटारसायकल उभी होती ते बघायचं होतं. ते हॉलमध्ये टीव्हीसमोर येऊन उभे राहिले. मी तिथेच होते, चहा पीत.

"सूनबाई," त्यांनी आत हाक दिली, "तिले म्हन फाटकाचं दाखव."

वहिनी कणकेचे हात घेऊन दारात आली. "ताई, मामाजीले फाटक पाहाचं आहे."

मी कप खाली ठेवला आणि पासवर्ड टाकला. बाबा माझ्यामागे होते. त्यांच्या अंगाला साबणाचा वास येत होता. फाटक आलं. मोटारसायकल नव्हती.

"जरा मागं घे म्हन," बाबा दाराकडे बघून म्हणाले.

वहिनीने तोंड उघडायच्या आत मी मागे घेतलं.